आडनावातला शेवटचा ‘ए’

मी लिहावं असं माझं काही नाही, त्याबद्दल आधीच माफी मागतो. आमच्या घरात कॉलेजचं तोंड पाहणारा मी पहिला, तेही बाहेरून बी.ए. करतोय. दिवसा दुबईत, देरा भागातल्या एका टायपिंग सेंटरमध्ये लोकांचे व्हिसाचे फॉर्म भरायचो. म्हणजे इतकी वर्षं मी दुसऱ्यांची नावंच लिहीत आलो, आणि त्यातलंच एक चुकवलं. ते आडनाव इथे देत नाही. समोर बसून लोक विश्वासाने कागद देतात, त्यांची नावं बाहेर सांगू नयेत.

ती बाई बल्गेरियाची. एका हॉटेलात केक बनवायची. दिवस भरत आले होते, बाळंतपणाला तीन आठवडे राहिलेले. नवरा जहाजावर, दोन महिने तरी परतणार नव्हता. आई नव्हती. त्यामुळे म्हाताऱ्या वडिलांना व्हिजिट व्हिसावर बोलवायचं होतं. “बाळ येईल तेव्हा माझं म्हणावं असं एक माणूस हवं,” ती इंग्रजीत म्हणाली, इतकंच.

फॉर्म भरताना मला दिसलं की तिच्या आडनावाच्या शेवटी इंग्रजी ‘ए’ आहे आणि वडिलांच्या पासपोर्टावर नाही. मला वाटलं, झेरॉक्समध्ये कडेचं अक्षर कापलं गेलं. बापलेकीचं आडनाव वेगळं कसं असेल? ती फोनवर बोलत होती, तिला विचारायचा संकोच वाटला. मीच ‘ए’ लावून दिला, आणि वर मदत केल्यासारखं वाटलं.

चार दिवसांनी अर्ज परत आला. नाव पासपोर्टाशी जुळत नाही.

शेजारच्या टेबलावर रत्नागिरीचे काका बसतात, सेंटरमधले सगळ्यात जुने. ते म्हणाले, “काय पंडित, कॉलेजात हेच शिकवतात? पासपोर्टावर आहे ते टाइप करायचं, खलास! अक्कल वापरायचे पैसे आपल्याला मिळत नाहीत.”

बाई आली. ओरडेल म्हणून मी उभाच राहिलो. तिने कागद पाहिला, पोटावर हात ठेवून हसली आणि म्हणाली, “तू माझ्या बापाला झगा घातलास.”

मग तिने माझ्याच पेनाने कागदाच्या मागे लिहून दाखवलं. तिच्या खापरपणजोबांच्या नावाला ‘ओव’ लागलं की ‘त्यांचा’, ‘ओवा’ लागलं की ‘त्यांची’. मुलगा ‘ओव’, मुलगी ‘ओवा’. आडनाव एकच, शेवट माणसाप्रमाणे फिरतो.

मला एकदम गाव आठवलं. मालवणकडे रस्त्यात कुणी म्हातारं भेटलं की नाव नाही विचारत. मुलाला म्हणतात, “कोणाचो रे तू?” आणि मुलीला, “कोणाची गो?” मी तिला ‘चो’ आणि ‘ची’ म्हणून दाखवलं. तिला फार गंमत वाटली. “म्हणजे मी ‘ची’,” ती म्हणाली, “आणि माझा बाप ‘चो’. आता नीट लिही.”

त्या खापरपणजोबांच्या नावाचा अर्थही मी विचारला. ‘टिकून राहणारा’. आधीची भावंडं दगावली म्हणून आईने तसं ठेवलेलं. आमच्याकडे अशा पोराला दगडाधोंड्याचं नाव ठेवतात, मृत्यूने बघून पुढे जावं म्हणून. माझ्या आजोबांचं तसंच होतं. हे मात्र मी तिला सांगितलं नाही. भरल्या दिवसांच्या बाईसमोर ते बोलणं बरं वाटेना.

नवा अर्ज मी प्रत्येक अक्षरावर बोट ठेवून भरला. पण चार दिवस गेले ते गेलेच. दोन दिवसांनी मालकांनी मला दूर, खोर फक्कान गावातल्या नव्या शाखेत पाठवलं. व्हिसा झाला की नाही, म्हातारे पोचले की नाही, काही कळलं नाही. तिचा नंबर देराच्या कॉम्प्युटरमध्ये. काकांना दोनदा फोन केला. “अरे, दिवसाला शंभर माणसं येतात, कुणाकुणाचं लक्षात ठेवू? आले असतील, इन्शाल्ला.” तिसऱ्यांदा विचारायची लाज वाटली. इथे कामं कमी असतात. दुपारी अभ्यासाचं पुस्तक उघडायचो आणि तिच्या बाळंतपणाचे दिवस मोजत बसायचो. माझ्या एका अक्षरामुळे ती इस्पितळात एकटी असेल, असं वाटायचं.

गेल्या आठवड्यात काकांचाच फोन आला.

“पंडित, एक सांग. नव्या बाळाच्या पासपोर्टाचे कागद आलेत. बापाच्या आडनावाला शेवटी ‘ए’ नाही, बाळाच्या दाखल्यावर आहे. तुझी ती केकवाली बाई. काढून टाकू ‘ए’?”

“काका, हात लावू नका!” मी जवळजवळ ओरडलोच. “मुलगी झालीय.”

“अरे हो की. गुलाबी टोपरं आहे.”

“आणि त्या बाईचे वडील?” पुढचं मला विचारवेना.

“कोण, तुझा झगेवाला? हा काय समोर बसलाय. पोर त्याच्याच मांडीवर आहे. बाळंतपणाच्या दोन दिवस आधी पोचला, म्हणते बाई.”