माडावरची हाक

दशरथ परब माडावरून पडला, हे मुलुंड पूर्वेच्या त्या सोसायटीत वॉचमनपासून सेक्रेटरीपर्यंत सगळ्यांना ठाऊक आहे. पडण्याआधी त्याने कोणाच्या तरी हाकेला 'ओ' दिली होती, हे मात्र त्याने बरेच महिने कोणाला सांगितलं नाही. सांगणार तरी काय? हाक कोणाची, हेच त्याला कळलं नव्हतं.

रविवारची भर दुपार होती. दशरथ शेंड्यात पोचला होता. उजवा हात झावळीच्या देठावर, डावा कमरेच्या कोयत्याकडे निघालेला. खाली त्याची बायको वनमाला पडलेले नारळ गोणीत भरत होती, वॉचमन पंप लावायला गेला होता, आणि शेजारच्या प्लॉटवर जुनी इमारत पाडायचा खडखडाट चालला होता. त्या खडखडाटातून हाक आली, "दशरथ!" आवाज बारीक, फाटलेला. बाईचा म्हणावा तर तसा नाही, पुरुषाचा तर नाहीच. त्याच्या तोंडून "ओ" निघून गेली, मान खाली वळली, आणि त्याच्या अंगाला घासून हिरवं काहीतरी सळसळत खाली गेलं. पुढचं त्याला आठवतं ते जमिनीवरचं.

दशरथचे वडील सीताराम कुडाळकडून गिरणीत आले. गिरणी बंद पडल्यावर त्यांनी गावची विद्या बाहेर काढली आणि उपनगरातल्या बंगल्यांचे माड उतरवू लागले. दशरथ त्यांच्याकडूनच शिकला. आठवडाभर तो ठाण्याच्या एका ऑफिसात शिपाई असायचा, चहा द्यायचा, साहेबांच्या घरचा गॅस सिलिंडर आला का बघायला जायचा. रविवारी मात्र तो वर असायचा आणि साहेब लोक खाली माना वर करून उभे. ही अदलाबदल त्याला फार आवडायची. पन्नाशी उलटली तरी त्याने माड सोडले नाहीत, याचं खरं कारण हेच. बाकी 'नारळ घरचे मिळतात' वगैरे तो म्हणायचा ते ऐकायचं आणि सोडून द्यायचं.

सीतारामांनी मुलाला पहिल्या दिवशी एक नेम घालून दिला होता. "दशो, माडार चढलेल्या माणसाक खालसून नावान हाक मारूची नाय. आणि हाक आयलीच, तर ओ देवची नाय. जित्या माणसाक ह्या ठावक असता. मारतलो तो जितो नसतलो." दशरथने आयुष्यभर हे पाळलं. घरच्यांनाही बजावून ठेवलं होतं.

म्हणजे हाक मारणारा जिवंत नव्हता, आणि दशरथने त्याला ओ दिली होती. त्याच्या गावाकडे याचा अर्थ लहान मुलालाही सांगावा लागत नाही. ओ दिली की आपण त्याचे झालो.

हॉस्पिटलमधले डॉक्टर म्हणाले, नशीब थोर. कमरेतला खालचा मणका दबला होता, ओटीपोटाच्या हाडांचं कडं दोन ठिकाणी मोडलं होतं, पण पायांच्या नसा वाचल्या होत्या. ऑपरेशन झालं, स्क्रू बसले. शुद्धीवर आल्यावर दशरथने वनमालेला पहिला प्रश्न विचारला तो दुखण्याचा नव्हता.

"हाक कोणी मारल्यान?"

वनमाला सलाईनच्या नळीकडे बघत राहिली. "कोण मारतलो? कोणीच नाय."

ती तर माडाच्या बुडाशीच होती. तिला ऐकू आली नाही, म्हणजे ती हाक फक्त त्याच्यासाठी होती.

घरी आणल्यावर त्याची कॉट चाळीतल्या खोलीत दाराशी टाकली. उठायचं नाही, बसायचं नाही. कुशीवर वळायचं तर वनमाला आणि मुलगी श्रुतिका दोन बाजूंनी चादर धरून त्याला ओंडक्यासारखं एका झटक्यात फिरवणार. ज्या माणसाने शेंड्यात बसून मुलुंडचं मुलुंड पाहिलं, त्याने आता पंख्याची पाती बघायची आणि बेडपॅन मागायचा. त्याला लाज वाटायची, आणि लाजेपेक्षा राग यायचा. वनमाला मात्र एका शब्दाने कुरकुरली नाही. सोमवार तर ती धरायचीच, आता शनिवारही धरू लागली. त्याच्या छातीवर आणि दोन्ही हातांच्या आतल्या बाजूला सोलपटून गेलं होतं, त्याला रोज खोबरेल लावायची. हाडांपेक्षा त्या जखमांनीच जास्त दिवस घेतले. तेल लावताना ती त्याच्या तोंडाकडे बघत नसे. काळजीने खंगलीये बिचारी, असं त्याने ठरवून टाकलं. बायकोच्या बाबतीत तो बऱ्याच गोष्टी अशा ठरवून टाकायचा.

दुपारी घर शांत झालं की ते यायचं. कुकरची शिट्टी थांबल्यावर जी पोकळी पडते त्यात, नळ बंद झाल्यावर, टीव्हीवर जाहिरात संपून पुढचं सुरू व्हायच्या आत. दशरथ! एवढंच. अंगावर सर्रकन काटा यायचा आणि डोळ्यांसमोरून हिरवं काहीतरी खाली जायचं. हिरवं लुगडं, असं त्याला वाटू लागलं होतं. गावी आजी सांगायची त्यातली कोणीतरी. मागच्या कंपाउंडमधल्या माडाची पानं खिडकीतून दिसायची, वारा आला की वाजायची. ऐन मे महिन्यात त्याने खिडकी बंद करायला लावली.

"बाबा, काय यार! उकडून मरू आपण सगळे," श्रुतिका म्हणाली.

"मराक नको, म्हणूनच लाव," तो म्हणाला, आणि त्याचा आवाज असा होता की तिने मुकाट्याने कडी घातली.

पडल्या पडल्या तो माणसं तपासायचा. वडील त्याला 'दशो' म्हणायचे. आई 'बाबल्या'. ऑफिसात 'परब', चाळीत 'दशाभाऊ', मुलीचा 'बाबा', सोसायटीवाल्यांचा 'नारळवाले'. बायको तर नाव घेणाऱ्यातली नव्हतीच. लग्नात उखाण्यात, पदर तोंडाशी धरून, एकदाच काय ते पुटपुटली असेल. त्यानंतर 'आयकलात काय' आणि 'श्रुतिकाचे बाबा' एवढ्यावर तिचा संसार झाला होता. तेव्हा नुसतं 'दशरथ' म्हणणारं, तेही असं जिवाच्या आकांताने, जिवंतातही कोणी नव्हतं आणि मेलेल्यातही नव्हतं. वडिलांची हाक असती तर त्याला एवढी भीती वाटली नसती. ही हाक कोणाचीच नव्हती.

हाडं त्यांच्या वेळेने जुळली. फिजिओथेरपी करायला क्षमा नावाची मुलगी घरी यायची, तोंडाने फटकळ, हाताने मऊ. तिने एक्सरे खिडकीच्या फटीतल्या उजेडात धरला. "काका, झकास जुळलंय. बेल्ट लावा, वॉकर धरा आणि उठा."

दशरथ कॉटच्या कडेपर्यंत बसता झाला होता. त्याने वॉकर धरला, जोर लावला. बूड कॉटवरून सुटलं मात्र, तो परत मटकन बसला. दुसऱ्या दिवशी तेच. पुढच्या आठवड्यातही तेच. क्षमा कधी रागावली, कधी गोड बोलली. त्याला सांगता येत नव्हतं की अडचण हाडांची नाही. आडवं पडलेलं असताना आपण त्याच्या नजरेआड आहोत असं त्याला वाटायचं. उभं राहिलं की दिसलो. मग परत हाक येणार, आणि या खेपेला ते अर्धवट सोडणार नाही.

एके दिवशी जाताना क्षमा दाराबाहेर वनमालेशी हळू आवाजात बोलली. चाळीत हळू बोलणं कोणाला जमलंय! दशरथला सगळं ऐकू आलं. "काकू, आता उठले नाहीत तर मग उठणारच नाहीत. पायातली ताकद चाललीये. मी बघतेय ना रोज. त्यांना उठायचंच नाहीये."

ती गेल्यावर वनमाला आत येऊन तांदूळ निवडायला बसली. मग दशरथने, छताकडे बघत, सगळं सांगून टाकलं. हाक, ओ, हिरवं लुगडं, सगळं. "माका ता बोलवता, गो. मिया उभो रवलंय की घेऊन जातला. म्हणून उठणंय नाय. तू मगे श्रुतिकाक संभाळ."

ताटात तांदूळ हलायचे थांबले. त्याने मान वळवून पाहिलं तर वनमालेचा चेहरा पिठासारखा पांढरा झाला होता. ती ताट तसंच ठेवून मोरीत गेली आणि नळ सोडून बसली. त्या दिवशी ती जेवली नाही. आपण उगीच सांगितलं, बाईमाणूस घाबरलं, असं दशरथला वाटलं. याही वेळी त्याचं चुकलंच होतं.

दुसऱ्या दिवशी क्षमा आली. वनमाला घरात नव्हती. दशरथ बेल्ट आवळून, वॉकर धरून, नेहमीसारखा कडेवर बसला होता, नेहमीसारखाच न उठण्याच्या तयारीत.

"दशरथ!"

तोच आवाज. बारीक, फाटलेला, जिवाच्या आकांताचा. दशरथच्या मानेवरचे केस उभे राहिले. त्याने दात आवळून धरले, या खेपेला ओ द्यायची नाही म्हणून.

क्षमाने दाराकडे पाहिलं. "काका, तुम्हाला बोलावतायत."

"तुका... तुला ऐकू आली?"

"मला? अख्ख्या चाळीला ऐकू आली असेल!"

खरंच, दोन-तीन दारं उघडल्याचा आवाज झाला. दशरथने वाकून बाहेर पाहिलं. गॅलरीच्या टोकाला, जिन्यापाशी, वनमाला उभी होती. दोन्ही मुठी छातीशी, तोंड अजून उघडं, डोळ्यांतून धारा. शेजारणी तिच्याकडे बघत होत्या. ती कोणाकडेच बघत नव्हती. चालत दारापर्यंत आली आणि चौकट धरून खाली बसली.

"मिया होतंय ती," ती म्हणाली. "मियाच मारलंय हाक. तुमी ज्या झावळीक धरलात ती बुडातसून सुटलेली. खालसून दिसत होती, तुमका वयर दिसाची नाय. 'ओ, ओ' करून किती आराडलंय, त्या खडखडाटात तुमका आयकाक जाय तर ना! मगे तोंडातसून नावच इला. माडार असताना. नवऱ्याचा नाव. मियाच तुमका खाली पाडलंय."

इतके महिने ही बाई हे घेऊन त्याच्या छातीला तेल चोळत होती. नाव घेतलं की नवऱ्याचं आयुष्य तुटतं, हे तिला लहानपणापासून शिकवलेलं. तिने घेतलं, आणि डोळ्यांदेखत तो खाली आला. तिचं काय झालं असेल! सांगावं तर तो तोंड बघणार नाही, न सांगावं तर जीव जाळत राहणार. आणि काल त्याच्या तोंडून ऐकलं की तिच्या गप्प बसण्यानेच तो मरायला टेकलाय, तेव्हा ज्या गोष्टीला ती सगळ्यात जास्त घाबरत होती तीच तिने पुन्हा केली.

दशरथच्या डोळ्यांसमोरून हिरवं खाली जात होतं, पण या खेपेला त्याने ते पुरतं बघितलं. लुगडं नव्हतं. झावळी होती. त्याच्या आधी खाली गेली होती, एकटीच. हाक आल्यावर तो वळला होता, देठ सोडून दोन्ही हातांनी खोड कवटाळलं होतं, आणि छाती सोलवटत अर्ध्या माडापर्यंत घसरत आला होता. हात सुटले ते तिथे. म्हणून बुडावर पडला, म्हणून मणका आणि ओटीपोटाची हाडं. झावळीबरोबर गेला असता तर शेंड्यावरून डोक्यावर.

त्याने सदऱ्याची बटणं सोडली. छातीवरचे पांढरट वण तिला दाखवले, जणू तिने ते कधी पाहिलेच नव्हते. "ह्या बघ. ह्या कसला? माड धरल्याचा. तुझी हाक आयली म्हणून धरलंय, येडे. नायतर झावळी हातात घेऊनच गेलो असतो वर."

वनमाला त्या वणांकडे बघत राहिली. रोज बोटं फिरवत होती त्यांच्यावर, आणि त्यांनी तिला काही सांगितलं नव्हतं. क्षमाला भाषा निम्मी कळली, पण ती शहाणी मुलगी, मागे सरकून भिंतीला टेकली.

"परत मार," दशरथ म्हणाला.

"नाय ओ. नको. पुरे झाला."

"मार म्हणतंय ना. माझा नाव तुझ्या तोंडातसून धड आयकलंयच नाय कधी. दोनदा आयकलंय आणि दोनदा भियालंय."

वनमालेने पदराने तोंड पुसलं. उठली. शेजारणींच्या देखत गॅलरीच्या टोकापर्यंत गेली, कारण तिला वाटलं असावं की हाक म्हणजे लांबूनच मारायची असते. तिथे वळून उभी राहिली. घसा साफ केला. आवाज आता फाटलेला नव्हता, लाजेने थोडा चिरका झाला होता एवढंच.

"दशरथ!"

"ओ," दशरथ म्हणाला, आणि वॉकरवर जोर देऊन उभा राहिला.