तिच्या जागी

आमच्या शेजारी राहणारी मोडनिंबची मुलगी गेल्या वर्षापर्यंत केरळातल्या एका क्लबकडून फुटबॉल खेळायची, मधल्या फळीत. गुडघ्याचं ऑपरेशन झालं, क्लबनं करार वाढवला नाही आणि ती सोलापुरात परतली. तरी त्या संघाबद्दल बोलताना अजून ‘आमी जिंकलो की’ असंच म्हणते.

परवा आमच्याकडे बसून तिनं मोबाइलवर त्यांचा सामना पाहिला. तिच्या जागी नवी मुलगी खेळत होती. सामना संपल्यावर हिनं तिला आपणहून फोन लावला, हिंदीत तोंडभरून कौतुक केलं आणि पास देण्याआधी डावीकडे बघत जा, असंही सांगितलं.

मग गुडघा चोळत मला म्हणाली, “गुणाची पोरगी हाय, काकू. पण मॅचभर वाटत हुतं, हिला बाहेर काढावं आन् मला बोलवावं.”