झुबाऱ्याची शाळा

“आधी मोजा, मग बोला,” असे म्हणून आमच्या शुक्रवारच्या सहलीचे म्होरके उजवा पाय पुढे टाकीत आणि आम्ही सगळे त्यांच्या बुटाकडे पाहू लागत असू. “पाऊण मीटर.” मग डावा पाय. “दीड.” भिंत संपेपर्यंत ही चाल चालू राही. भिंत संपली की ते टाचेवर गर्रकन वळून बेरीज जाहीर करीत, आणि त्यानंतर त्या भिंतीविषयी ते जे सांगतील ते खरे मानण्यावाचून आम्हांला गत्यंतर नसे. आकड्याचा माणसाच्या मनावर असा परिणाम होतो, हे मी वर्गात अनेकदा पाहिले होते. तो माझ्यावरही होतो, हे मला झुबाऱ्यात कळले, आणि तेही उशिरा.

प्रथम झुबारा म्हणजे काय ते सांगते. कतारच्या वायव्य किनाऱ्यावर, दोह्यापासून मोटारीने दीड तासावर, मोत्यांच्या व्यापाऱ्यांचे एक जुने नगर वाळूत पडलेले आहे. जवळच एक चौकोनी किल्ला आहे. तो शाबूत असल्यामुळे बहुतेक पाहुणे तेवढाच पाहून परत फिरत. आमच्या या गृहस्थांना शाबूत गोष्टींचे आकर्षण नव्हते. “किल्ल्यात काय बघायचं? सगळं दिसतंयच की,” असे म्हणून ते आम्हांला समुद्राच्या दिशेने, गुडघ्याएवढ्या उरलेल्या भिंतींमध्ये घेऊन जात.

ते मूळचे कोल्हापूरचे. दोह्यात एका बांधकाम कंपनीच्या मोजणी विभागात नोकरीला होते. रस्त्याची पातळी काढताना एक जण तिवईवरच्या दुर्बिणीतून पाहतो आणि दुसरा समोर आकडे लिहिलेली लांब पट्टी उभी धरतो. हे पट्टी धरणारे. शनिवार ते गुरुवार ते उन्हात मुकाट्याने उभे राहात आणि त्या सहा दिवसांचे न बोललेले सगळे शुक्रवारी बोलून टाकीत. फरीज बिन ओमरान या वस्तीत आमच्याच इमारतीच्या तळमजल्यावर आणखी चौघांबरोबर एका खोलीत ते राहात. आम्ही पती-पत्नी दुसऱ्या मजल्यावर. मी तेथल्या एका भारतीय शाळेत इतिहास-भूगोल शिकवीत असे, म्हणून ते मला ‘बाई’ म्हणत.

सहल अर्ध्या दिवसाची असे, आणि तो अर्धा दिवस काटेकोर होता. पहाटे साडेपाचला निघायचे आणि अकराच्या आत परतायचे, कारण मिनीबसचे चालक खानसाहेब यांना शुक्रवारच्या नमाजाला पोहोचायचे असे. माणशी दहा रियाल. त्यात पेट्रोल, पाण्याची एक बाटली आणि त्यांनी स्वतः पहाटे उठून केलेली बटाट्याची भाजी व दोन पोळ्या. या व्यवहारात त्यांना काही सुटत नसे. चुकून सुटलेच, तर पुढच्या शुक्रवारी भाजीत मटार दिसत.

त्यांची सांगण्याची पद्धत स्वतंत्र होती. मोठे अंगण आणि त्याभोवती चार खोल्या दिसल्या की म्हणत, “हा फॅमिली व्हिसावाला.” एकीला एक लागून लहान खोल्या असल्या की, “हे बॅचलर. एका खोलीत पाच. स्वयंपाक पाळीनं.” समुद्राकडे तोंड केलेल्या प्रशस्त घरापाशी मात्र त्यांचा आवाज खाली येई. “हा स्पॉन्सर. सगळ्यांचे पासपोर्ट ह्याच्याकडं.”

“तेव्हा पासपोर्ट होते?” मी एकदा विचारले.

“नसतील, बाई. पण ठेवून घेणारा असणारच की.”

सहलीचा कळस म्हणजे शाळा. एका घराच्या मागच्या अंगाला एक छोटी खोली होती. तिच्या जमिनीवर गिलावा केलेले, एकमेकांना समांतर असे बुटके कट्टे होते आणि दर दोन कट्ट्यांमध्ये एक अरुंद चर. कोपऱ्यात जमिनीत एक खड्डा होता. या खोलीत शिरण्यापूर्वी ते आम्हांला पादत्राणे काढायला लावीत. कट्ट्यांवर मुले बसत, चरात पाट्या ठेवीत, आणि कोपऱ्यातला खड्डा शाईचा, सगळ्यांना मिळून एकच, असा त्यांचा सिद्धान्त होता.

“खोली तीन बाय दोन. पोरं बारा. बाई, तुमच्या वर्गात किती?”

“बेचाळीस.”

“बघा! शिक्षण तेव्हा चांगलं होतं.”

मदिनत खलीफा या भागात राहणारे एक पुण्याचे इंजिनिअर एकदा सहकुटुंब आले होते. त्यांनी स्वाभाविकपणे विचारले, “पण याला आधार काय?” आमचे गृहस्थ पुढे झाले. त्यांनी इंजिनिअरांच्या मुलीला अलगद एका कट्ट्यावर बसवले आणि दोन कट्ट्यांमधले अंतर वितीने मोजून मोठ्याने सांगितले. “बसलीस का नीट, बाळ?”

“इट्स व्हेरी अनकम्फर्टेबल, अंकल,” ती म्हणाली.

“मग! शाळाच ती!”

सगळे हसले आणि आधाराचा प्रश्न तेथेच राहिला. मीही त्या दिवशी, कोणी विचारले नसताना, रांगेत बसवण्याची पद्धत सर्व काळी सारखीच दिसते, असे एक गंभीर विधान केले. पुढच्या सहलीपासून ते माझे विधान म्हणून सांगितले जाऊ लागले. मला त्याचा आनंद झाला होता, हे नमूद केलेच पाहिजे.

त्यांचा करार दोन दोन वर्षांनी वाढत असे. सन दोन हजारच्या आसपासच्या एका हिवाळ्यात तो पुन्हा वाढवायची वेळ आली, तेव्हा कोल्हापूरहून त्यांच्या पत्नीचा निरोप आला. तिथं असं काय आहे, जे इथं नाही? ते एकदा मला दाखवा, नाहीतर सामान बांधून परत या. कंपनीच्या साहेबांच्या मेहेरबानीने एक महिन्याचा व्हिजिट व्हिसा मिळाला. तळमजल्यावरच्या खोलीत पाच बाप्ये असल्यामुळे ती दोघे महिनाभर आमच्याकडे उतरली.

पत्नी ठेंगण्या, चपळ आणि मोठ्या आवाजाच्या होत्या. त्यांच्या वडिलांची गुळाची वखार होती आणि लहानपणापासून त्या तेथे वावरलेल्या. दुसऱ्याच दिवशी माझ्या ओट्याशी उभ्या राहून त्यांनी विचारले, “बाई, ह्ये हितं लई बोलत्यात म्हनं? खरं का ओ?”

“हो. फार चांगले बोलतात.”

“घरात तर ‘मीठ कमी हाय’ म्हनून बी सांगत न्हाईत.”

त्याच संध्याकाळी गृहस्थांनी मला जिन्यात गाठले. शर्टाच्या खिशात कराराचा घडी केलेला कागद होता आणि बोलताना ते त्यावर हात ठेवून होते. “बाई, शुक्रवारी हिला झुबारा दाखवतो. पटलं तर सही करतो. नाही पटलं तर बॅग भरतो.”

“त्यांना काय पटायचे आहे?”

“इथं माणसं माझं ऐकतात. कोल्हापुरात भावाच्या दुकानात होतो, तेव्हा मी पुढं उभा असलो तरी गिऱ्हाईक भावालाच विचारायचं. हिनं एकदा बघावं, माणसं कशी ऐकतात ती.”

शुक्रवारी आम्ही बारा जण निघालो. भाजीत मटार तर होतेच, शिवाय काजूही होते. खानसाहेबांनी “यल्ला, यल्ला” करीत घाईघाईने सगळ्यांना बसवले. पत्नी खिडकीशी बसून सबंध वाटभर वाळू पाहात होत्या. त्यांना ती पसंत पडलेली नव्हती.

त्या दिवशी ते इतके चांगले बोलले, की मी मनातल्या मनात त्यांना पैकीच्या पैकी गुण देत होते. फॅमिली व्हिसावाला झाला, बॅचलर झाले, स्पॉन्सर झाला. पुण्याचे इंजिनिअर दुसऱ्यांदा आले होते. त्यांनी दाद दिली. पत्नी पदर घट्ट लपेटून सर्वांत मागे उभ्या राहून ऐकत होत्या आणि दर वाक्यागणिक गृहस्थांची नजर त्यांच्याकडे जाऊन येत होती.

मग शाळा आली. आम्ही पादत्राणे काढली. पत्नींनी काढली नाहीत. त्या उंबऱ्यातच उभ्या राहून जमिनीकडे पाहात राहिल्या. बारा मुले झाली, पाट्या झाल्या, शाई झाली, माझे गंभीर विधानही झाले. ते संपल्यावर त्यांनी हातातल्या बाटलीचे टोपण फिरवले आणि वरच्या बाजूच्या चरात पाणी ओतले.

पाणी चरातून सरळ धावले, भिंतीशी वळले आणि शाईच्या खड्ड्यात पडले.

“अवं,” त्या म्हणाल्या, “पोरं हितं कशाला बसतील? घसरून शाईत पडतील की!”

मग त्यांनी खड्ड्याकडे बोट दाखवले.

“माझ्या बाच्या वखारीत अस्साच उतार हाय. पावसाळ्यात गुळाच्या ढेपा पाझरत्यात. पाक वाया जाऊ नये म्हनून कोपऱ्यात घागर पुरलेली असती. हितं बी कायतरी गोडच रचून ठेवत असणार. गूळ न्हाई मिळाला तर खजूर.”

तुम्ही त्या वेळी तेथे असता, तर तुम्हीही आमच्याप्रमाणे समुद्राकडे पाहिले असते. इंजिनिअर पाहात होते. मी पाहात होते. आठवड्याचे सहा दिवस जो माणूस उतार काढण्यासाठी पट्टी धरून उभा राहतो, त्याने या खोलीची लांबी मोजली होती, रुंदी मोजली होती, मुले मोजली होती. उतार तेवढा मोजला नव्हता.

ते गुडघ्यांवर बसले. मग पार आडवे होऊन त्यांनी गाल जमिनीला लावला आणि एक डोळा मिटला.

“आहे,” ते उठून म्हणाले. त्यांच्या गालाला वाळू लागली होती. “मीटरला दोन बोटं तरी आहे.” मग त्यांनी आमच्याकडे वळून, सहलीच्याच आवाजात, जाहीर केले, “शाळा खलास. पुढचं ही सांगेल. मला माहीत नाही.”

आणि पत्नींनी खरोखरच सांगितले. ढेपा कशा रचतात, खालची ढेप आधी का पाझरते, मुंग्यांचे काय करतात. परतताना किल्ल्यापाशी ते बसमधून उतरून वृद्ध रखवालदाराकडे गेले आणि हातवारे करून त्यांनी खोलीचे वर्णन केले. रखवालदाराने “दिब्स, दिब्स!” म्हणत बोट चाटून दाखवले. दिब्स म्हणजे खजुराचा पाक. ते धावत बसकडे आले. “खजूरच! हिचं बरोबर आहे!” स्वतःचे बरोबर ठरल्यावर ते इतके खूश झालेले मी कधी पाहिले नव्हते.

दुपारी आमच्याकडे चहा झाला. पत्नींनी कपबशी खाली ठेवली. “करा सही,” त्या म्हणाल्या. “घरी तुमी असं कधी बोलत न्हाईसा. हितं बोलताय. ऱ्हावा आनी दोन वर्सं.”

गृहस्थांनी खिशातला कागद टेबलावर ठेवला, पण पेन काढले नाही.

“पाच वर्षं मी शाळा दाखवतोय. शिकलेली माणसं आली. आधार विचारणारी आली. उतार कुणी बघितला नाही.” हे बोलताना त्यांनी माझ्याकडे पाहिले नाही, हा त्यांचा चांगुलपणा. “मला वाटायचं, माणसं ऐकतात. माणसं वारा खायला येत होती. ऐकलं ते हिनं एकटीनं.”

“म्हंजे?”

“म्हणजे बॅग भरतो.”

“आनी घरी बोलणार?”

“तू चुका काढणार?”

“त्ये काय सांगायला पायजे व्हय?”

महिना संपला, तेव्हा ती दोघे एकाच विमानाने गेली.

त्या वसंतात लोकांच्या आग्रहाखातर मी एकदा सहल नेली. तयारी केली होती. घरे क्रमाने दाखवली, मागच्या खोलीत पाणी ओतले, खजुराची पोती, चर, घागर हे सगळे मुद्देसूद समजावून दिले. सर्वांना ते आवडले. मग पुढच्या एका खोलीपाशी आल्यावर मी मुद्दाम, अगदी ठाम आवाजात, म्हणाले, “ही खोली चार महिन्यांच्या धो धो पावसात सरपण कोरडे ठेवण्यासाठी.”

आणि कोणी चूक काढते का, म्हणून थांबले.

समोर मैलोगणती कोरडी वाळू होती. सर्वांनी त्या खोलीचे फोटो काढले.