नबीलची आई येईपर्यंत

मध्यंतरी मी एक नवस बोलले होते. शेजारच्या नबीलची आई बेरूतहून सुखरूप येईपर्यंत गोड खाणार नाही! लेबनॉनमधलं वातावरण बिघडलेलं, फ्लाइट पुन्हा पुन्हा रद्द, म्हातारी तिकडे एकटी. परवा ती आली एकदाची, नि इथे लंडनजवळ, स्लाऊच्या भजनी मंडळात मी पेढे वाटले. तेव्हा सगळ्याजणी विचारू लागल्या, "हा नबील कोण हो?" आता काय नि किती सांगू! भिंतीला भिंत लागून राहिलं की किस्से लोणच्यासारखे मुरत जातात. बरणी उघडली की संपली!

*

नबील नट. तिकडे सीरियलमधला हीरो. इथे मात्र त्याला कामं मिळतात ती गोळी खाऊन मरायची.

एकदा शूटिंगहून मेकअप न पुसताच आला. दारात रक्ताने माखलेला नबील! आमचे हे रिटायर्ड डॉक्टर. यांनी त्याला सोफ्यावर आडवा केला, पायाखाली उश्या दिल्या नि "कुठे लागलंय?" म्हणत शर्ट टराटरा फाडला.

नबील डोळे मिटून पुटपुटला, "अंकल, हाच शर्ट घालून उद्या परत मरायचंय!"

*

मग म्हणाला, पुरे झालं मरणं, आता स्वतःची फिल्म करतो. आईवर. आणि आईचं काम मला! डायलॉग नाही, फक्त किचनमध्ये रोट्या लाटायच्या.

कॅमेरा सुरू झाला नि मी सवयीने पहिल्या रोटीचा तुकडा बाजूला काढला.

"कट! आँटी, हा कोणासाठी?"

"गाईसाठी."

"स्लाऊमध्ये गाय?"

"खातात कबुतरंच रे. पण काढायचा गाईसाठी."

त्याने ते तसंच ठेवलं. बेसिंगस्टोकला फिल्म दाखवली, तर एक बाई उठून म्हणाल्या, "दूर गेलेल्या मुलासाठी आई घास काढून ठेवते, ते बघून मला रडूच आलं."

हे माझ्या कानाशी लागून म्हणाले, "अभिनंदन! तुझ्या गाईला मुलगा झाला!"

*

त्याच फिल्ममधला एक सीन होता मिल्टन कीन्सचा, म्हणजे जिथे पावलोपावली गोल राउंडअबाउट, त्या गावचा. आईला सोडून निघालेला मुलगा कारमध्ये रडतो. गाडी चालवायला आमची मुग्धा, इथेच जन्मलेली. एक राउंडअबाउट झालं, दुसरं झालं, नबीलला काही रडू येईना.

"आई, हा रडतच नाही! माझा डोका फिरतोय!" मुग्धा वैतागली.

तेवढ्यात त्याचा फोन वाजला. बेरूतहून आई. तिने एवढंच विचारलं, "जेवलास का?" आणि नबील ढसाढसा रडला.

"परफेक्ट!" मुग्धा ओरडली.

कॅमेरा सुरूच केला नव्हता!

*

फ्लाइट पुन्हा रद्द झाली, त्या संध्याकाळी त्याने एक फोटो दाखवला. चिमुकला नबील, तपकिरी झगा, कमरेला दोरी. लहानपणी तापाने फणफणला, तेव्हा आईने त्यांच्या ख्रिस्ती संताला नवस केला होता, "बरा होऊ दे, वर्षभर तुझा वेश घालीन त्याला."

"म्हणजे बघा, पहिला रोल आईनेच दिला," नबील म्हणाला.

"कसा झाला रोल?" यांनी विचारलं.

"शेवटपर्यंत जिवंत होतो, अंकल!"

हसलो सगळे. पण त्याची नजर फोनवरून हलत नव्हती.

*

आणि परवा हीथ्रो! ती बाहेर आली व्हीलचेअरवर. मुलगा दिसल्याबरोबर तिने हात वर करून खुर्ची थांबवली आणि वाकून बूट काढले. नबील धावत निघाला, तर तिने तिथूनच दरडावलं. एरवी सगळ्यांना थांबवणारा डायरेक्टर जागच्या जागी उभा!

"नवस आहे तिचा," तो म्हणाला. "मी दिसलो की तिथून माझ्यापर्यंत अनवाणी यायचं."

त्या गुळगुळीत, गार फरशीवरून ती पाऊल पाऊल टाकत आली. खुर्ची ढकलणारा विमानतळावरचा माणूस तिचे बूट छातीशी धरून मागे. मीही माझ्या चपला कधी काढल्या, कळलंच नाही. आमचे हे आयुष्यभर माझ्या नवसांना हसलेले. आता काय बोलतात म्हणून मागे वळून पाहिलं.

हे खाली वाकून बुटांच्या लेस सोडत होते.

तुमच्याही शेजारी कुणाची आई यायची असेल ना, तर एखादा नवस बोला हो तिच्यासाठी.