बाबांनी लावलेली ओळ

माझ्या वडिलांना शाळेतली मुलं एका टोपणनावाने ओळखायची. दुसऱ्या महायुद्धातला तो जर्मन हुकूमशहा, बोटभर मिशीचा, त्याचं नाव. मी ते इथे लिहीत नाही. आमच्या घरात आता ते कुणी घेत नाही, मग कागदावर तरी कशाला? तुम्हाला कळलंच आहे कोण ते.

आधी मात्र आम्ही ते रोज घ्यायचो, अगदी लाडाने. बाबा कऱ्हाडजवळच्या एका शाळेत पीटीचे सर होते, पुढे मुख्याध्यापक झाले. छडी नाही, शिट्टी नाही. दोन टाळ्या आणि एक आवाज, "लाईन! एकामागे एक! हात अंतर!", की अख्खं मैदान चिडीचूप. स्टाफरूममध्ये तेच नाव, गावात तेच नाव. आई चहा गाळता गाळता म्हणायची, "आवाज कमी करा, आले बघा आमचे," आणि पुढे ते नाव. बाबा मिशीतल्या मिशीत हसायचे. खरं सांगते, त्यांना ते आवडायचं. आणि आपल्याकडे ह्यात काही जगावेगळं नाही. दर गावात ह्या नावाचा एक तरी कडक मास्तर सापडतोच. त्या माणसाने काय केलं होतं, ते आम्ही शाळेत पाच मार्कांपुरतं शिकलो आणि पेपर झाल्यावर विसरलो.

मी इथे आयर्लंडमध्ये, कासलबारच्या हॉस्पिटलात भूल देते. नवरा डंडॉकच्या एका कंपनीचं काम घरी बसून करतो. मुलगी एकच, पंधरा वर्षांची. मराठी सगळं कळतं, उत्तर मात्र इंग्लिशमधून, तेही इथल्या, पक्क्या मेयो जिल्ह्याच्या सुरात. आई गेल्यानंतरच्या वर्षी बाबा आमच्याकडे राहायला आले. त्यांची बायपास झालेली, चार पायऱ्या चढल्या की दम लागायचा. सगळे रिपोर्ट मीच वाचलेले. एवढा प्रवास त्यांना पुन्हा झेपणार नव्हता, हे मला माहीत होतं आणि त्यांनाही. नातीबरोबरचं हे शेवटचं राहणं.

सुरुवात फार छान झाली. रोज सकाळी ते तिला बसस्टॉपवर सोडायला जायचे आणि तिथल्या पोरांची ओळ लावून यायचे. पोरं हसत हसत ओळीत उभी राहायची. "युअर मॅन इज गॅस," असं तिची एक मैत्रीण म्हणाली. म्हणजे तुझा म्हातारा भारी आहे. लेक माझी फुशारून गेली होती.

मग एका रविवारी हॉस्पिटलातली मराठी मंडळी आमच्याकडे जेवायला आली. मसालेभात, मठ्ठा, आणि नेहमीच्या गप्पा: पुण्याचं ट्रॅफिक, लाचखोरी, कुणालाच कसली भीती राहिली नाही. बाबा त्या हुकूमशहाचं नाव घेऊन म्हणाले, "आपल्याकडे ना, तसला एक पाहिजे. पाचच वर्षं द्या. सगळे सुतासारखे सरळ होतील." माना डोलल्या. "अगदी बरोबर बोललात काका," कुणीतरी म्हणालं. मी भात वाढत होते. शंभरदा ऐकलेलं वाक्य, ह्या कानाने आत, त्या कानाने बाहेर.

मुलीने ताट खाली ठेवलं. "आजोबा, डू यू नो व्हॉट ही डिड?"

"शिस्त, बाळा," बाबा हसत म्हणाले. "शिस्त लावली त्याने."

ती उठून वर गेली. त्या वर्षी शाळेत तिच्या वर्गाला त्याच्या छावण्यांबद्दलच शिकवत होते, फोटोंसकट. त्या दिवसापासून ती आजोबांशी बोलेना. उद्धटपणा नाही, आदळआपट नाही. मीठ मागितलं तर मीठ द्यायची. कशी आहेस विचारलं तर "ग्रँड", म्हणजे मजेत. एवढंच. बसस्टॉपवर एकटी जायला लागली.

"माझं काय चुकलं गं?" बाबा मला विचारायचे. माझं डोकं फिरायचं. त्यांना म्हणायची, "बाबा, आपण काय बोलतो ते तुम्हाला तरी कळतं का?" आणि तिला म्हणायची, "अगं, म्हातारा माणूस आहे. जाऊ दे ना. किती दिवस राहिलेत त्यांचे इथे?" ती म्हणाली, मग त्यांना त्या छावणीत घेऊन चल, मॅम. बघू देत त्यांना.

मिडटर्मच्या सुट्टीत आम्ही तिघं डब्लिनहून विमानाने क्राकूफला गेलो, छावणी तिथून जवळ. बाबांना वाटलं, लेक युरोप दाखवतेय. "काय ते स्मारक बिमारक बघू," म्हणाले, कानटोपी घातली आणि हॉटेलच्या खोलीत बसून दशम्या आणि शेंगदाण्याच्या चटणीचा डबा पिशवीत नीट बसवला. डे टूरची बस वेळेवर सुटली. गाईड, एक शांत, पिकल्या केसांचा माणूस, चढताना प्रत्येकाला मोजून घेत होता. "बघ, किती टापटीप!" बाबा मला म्हणाले. लेक पुढच्या सीटवर कानात इयरफोन घालून बसली होती. तिने मागे वळूनसुद्धा पाहिलं नाही.

छावणीच्या फाटकातून आत गेल्यावर थोडा वेळ बाबा विटांच्या इमारतींकडे एखादी शाळा बघावी तसे बघत होते. मग आम्ही एका इमारतीत शिरलो. काचेमागे केस होते. बायकांचे कापलेले केस, काहींची वेणी तशीच राहिलेली. पुढच्या खोलीत सुटकेसींचा ढीग होता, प्रत्येकीवर पांढऱ्या रंगात मालकाचं नाव. परत मिळेल ह्या आशेने लिहिलेलं. बाबा तिथेच अडकले. एकेक नाव पुटपुटत वाचायला लागले, उच्चार जमत नव्हते तरी. दर नावानंतर किंचित थांबत होते. मला कळेना असं का करतायत, आणि मग लक्षात आलं. हजेरी घ्यायची सवय. मी त्यांचा दंड धरून त्यांना पुढे नेलं.

बाहेर मोकळ्या मैदानात गाईडने सांगितलं की सकाळ-संध्याकाळ कैद्यांना इथे ओळीत उभं करत. मोजणी जुळेपर्यंत उभं राहायचं, थंडी असो, पाऊस असो. जे मेले त्यांनाही आणून ओळीत ठेवायचे, कारण आकडा जुळायला हवा. तेवढ्यात एका बाईचा हेडसेट बंद पडला आणि गाईड तिला मदत करायला मागे गेला. आमचा घोळका पांगला. कुणी फोटो काढतंय, कुणी पाणी पितंय. समोरून दुसरा एक मोठा गट येत होता, वाट अडली होती.

बाबांनी दोन टाळ्या वाजवल्या.

"लाईन! लाईन प्लीज! एकामागे एक!"

तोच आवाज. दम लागणाऱ्या माणसाचा नव्हे, मैदानावरचा. आणि लोक ओळीत आले. देवाशपथ सांगते, आले. ब्राझीलचं एक जोडपं, दोन आयरिश आज्या, कॉलेजची पोरं. कुणी विचारलं नाही हा कानटोपीवाला म्हातारा कोण. बाबा ओळीच्या कडेने चालत गेले, हाताने एकाला आत, दुसऱ्याला बाहेर. "हात अंतर," म्हणाले, आणि हात लांब करून दाखवला. एका पोराने खरंच समोरच्याच्या खांद्याला हात लावून अंतर घेतलं.

मी हाक मारायला हवी होती. मारली नाही.

बाबा ओळीच्या टोकाला पोचले आणि वळून त्यांनी ओळ बघितली. सरळ होती. मग त्यांनी खालची खडी बघितली, मागच्या विटांच्या भिंती बघितल्या, आणि स्वतःचा लांब केलेला हात बघितला. तो खाली कसा घ्यायचा हेच जणू त्यांना सुचेना. गाईड परत आला होता. त्याने सगळं पाहिलं होतं. जवळ येऊन अगदी हळू म्हणाला, "थँक यू, सर. इथे नको." आणि त्यानेच तो हात धरून खाली घेतला.

लेक ओळीत नव्हती. ती बाजूला उभी राहून आजोबांकडे बघत होती. तिच्या चेहऱ्यावर राग असता तर मला बरं वाटलं असतं. ती घाबरली होती.

परतीच्या बसमध्ये डबा कुणी उघडला नाही.

कासलबारला आल्यावर बाबा बदलले. बसस्टॉपवर जाईनात. सुपरमार्केटात बिलाची रांग दिसली की बाहेर ट्रॉल्यांपाशी जाऊन उभे राहायचे. मी म्हटलं, बाबा, थंडी आहे, आत या. "तू ये आटपून," म्हणायचे. जेवण निम्म्यावर आलं. टीव्हीवर कुठली परेड लागली की उठून जायचे. घरात कुणी भुतासारखं वावरावं तसे ते वावरत होते, आणि मला चीड यायची, त्यांना तिथे नेलं म्हणून माझी, हट्ट केला म्हणून पोरीची.

एक दिवस दुपारी ते स्वयंपाकघरात माझ्याजवळ बसले. मी कणीक मळत होते. लेक पलीकडे प्रेस उघडून, म्हणजे इकडच्या भाषेत कपाट उघडून, बिस्किटं शोधत होती.

"त्यांनी ऐकलं गं माझं," बाबा म्हणाले. "मी कोण, कुठला, कुणी विचारलं नाही."

"सवय असते बाबा लोकांना रांगेची. इतकं काय मनाला लावून घेता?"

"ते नाही." ते थांबले. "ओळ सरळ झाली ना, तेव्हा मला बरं वाटलं. नेहमी वाटतं तसं. तिथे उभं राहून मला बरं वाटलं, पोरी."

माझे हात कणकेतच राहिले. मी रोज माणसांना झोपवते, पण ह्याच्यावर माझ्याकडे औषध नव्हतं. कपाटाचं दार किती तरी वेळ उघडंच होतं. मग ते हळूच बंद झालं आणि लेक बिस्किटं न घेताच वर गेली.

बाबा गावी परत गेले तेव्हा ती शाळेत होती. निघताना त्यांनी तिच्या बंद खोलीच्या दाराला नुसता हात लावला.

गावी त्यांच्या जुन्या विद्यार्थ्यांनी त्यांचा अमृतमहोत्सवी सत्कार ठरवला होता. आमच्याकडे शनिवारची दुपार, तिकडे संध्याकाळ. मी लॅपटॉपवर त्याचा लाइव्ह व्हिडिओ लावला. लेक न बोलावता शेजारी येऊन बसली. स्टेजवर मोठा बॅनर, त्यावर बाबांचा फोटो आणि फोटोखाली ते टोपणनाव, फुलाफुलांच्या अक्षरात. पन्नाशी-साठीतली मुलं, टकलं पडलेली, पोटं सुटलेली. बाबा आत आले आणि कुणीतरी दोन टाळ्या वाजवल्या. सगळा हॉल उठला आणि धावपळ करत ओळीत उभा राहिला. हात अंतर घेऊन. हसू, शिट्ट्या, मोबाईल वर. किती प्रेमाने केलं होतं त्यांनी, ते दिसत होतं. म्हणून तर बघवत नव्हतं.

बाबा माईकपाशी गेले. "बसा," म्हणाले. हशा. "ओळ मोडा रे." अजून हशा. "मोडा, पाया पडतो तुमच्या." आणि ते खरंच वाकायला लागले. हॉल टाळ्यांनी दणाणला. काय सर, अजून तसेच आहात, कुणीतरी ओरडलं. ओळ तशीच उभी होती. बाबा हात जोडून वाकलेले, आणि समोर सगळे सावधान.

"दे थिंक ही'ज जोकिंग," लेक म्हणाली. तिने लॅपटॉप मिटला आणि माझा फोन घेतला.

पहिल्यांदा कुणी उचललं नाही. ती लावत राहिली. कितव्या तरी वेळेला बाबांचा आवाज आला, मागे हॉलचा गोंगाट. कोण आहे, कोण आहे, विचारत होते.

"आजोबा," ती मराठीत म्हणाली, अडखळत, एकेक शब्द जुळवत. "मी आहे. तुम्ही जेवलात का?"

पलीकडचा गोंगाट मागे पडला, ते बाजूला आले असावेत.

"नाही बाळा," बाबा म्हणाले. "अजून नाही."

"मग घरी जा," ती म्हणाली. "जेवा. मी फोनवर थांबते."