चौथं रीळ

हे मी आजवर कुणालाही सांगितलेलं नाही — बायकोलाही नाही. तुम्हाला सांगतो, कारण आता माझीच मला चीड आवरत नाही.

ऐंशीच्या दशकात अमेरिकेतल्या पार्सिपनीत आम्ही काही भारतीय कुटुंबं मिळून शाळेच्या हॉलमध्ये सिनेमे दाखवायचो. प्रोजेक्टर मी चालवायचो. बंगाली सिनेमा म्हणजे संथ, गंभीर, कलात्मक — असं आम्ही ठरवूनच टाकलेलं. कलकत्त्यात मात्र हवा बदलली होती. कमी पैशांत, घाईघाईत, मारामाऱ्या आणि रडारड घालून सिनेमे निघत होते, आणि खेड्यापाड्यांतले लोक ते डोक्यावर घेत होते. आमचा नुसता संताप! अरे, आम्हाला विचारलं होतं कुणी? हजारो मैलांवर समोसे खात बसलेले आम्ही कोण लागून गेलो होतो?

माझ्या मित्राच्या बायकोचं, शिप्रावहिनींचं माहेर कलकत्त्याचं. वडील जुने नट. गंभीर भूमिका मिळेनाशा झाल्यावर ते अशा सिनेमांत नायकाच्या गरीब बापाचं काम करू लागले. ते वारले तेव्हा वहिनींना जाता आलं नाही. त्यांचा शेवटचा सिनेमा वहिनींनीच खटपट करून मागवला. पाच रिळं होती. बाबा फक्त चौथ्यात आहेत, हे त्यांनी मला सांगितलं होतं. विसरलो, असं म्हणायची सोय आहे — पण मी विसरलो नव्हतो.

आदल्या दिवशी मी ते रीळ घरी लावून पाहिलं. फाटक्या धोतरातला म्हातारा गुंडांच्या पाया पडून गळा काढत होता. आणि मी तर ऑफिसातल्या दोन गोऱ्या साहेबांना बोलावून बसलेलो! त्यांच्यासमोर हे? लाज वाटली — कसली, सांगा? मी चौथं रीळ गाडीच्या डिकीत टाकलं, आणि हॉलमध्ये तिसऱ्यानंतर सरळ पाचवं लावलं.

कुणालाच काही खटकलं नाही. असले सिनेमे असेच असतात, म्हणून लोक हसले. वहिनी शेवटच्या पाटीपर्यंत पडद्याकडे बघत राहिल्या. प्रिंटच अपुरी आली, असं मी त्यांना सांगितलं.

"जाऊ द्या भावजी, तुम्ही तरी काय करणार? यू ट्राइड सो हार्ड," त्या म्हणाल्या. डोळे पुसले, आणि रिळांचे डबे उचलून माझ्याबरोबर गाडीपर्यंत आल्या. मी डिकी उघडली नाही. डबे मागच्या सीटवर ठेवायला लावले. प्रिंट पाठवणाऱ्याला त्या नावं ठेवत होत्या — मग मीही त्याला दोन शिव्या हासडल्या.