मंजुळाची वाट मी मांडली

शेवटचं एकत्र काम म्हणजे आम्ही गोधडीला टाके घातले. मी सुईत दोरा ओवायचो, बायको शिवायची. ती म्हणाली, "आवं, दोरा ओवताय का सुईचा डोळा फोडताय?" त्यानंतर चौथ्या दिवशी ती दवाखान्यात वारली.

सोनखडीत राहिलेल्यांनो, आणि माझ्यासारखं नाशिकला येऊन सातपुरात हाडं झिजवलेल्यांनो, हे तुमच्यासाठी लिहितोय. शाळा चौथीपर्यंत. चुकलं तर चुकलं.

माझा बाप वाट मांडायचा. सारवलेल्या भुईवर तांदळाच्या पिठानं ओहोळ, खडक, झाडं काढायचा. शेवटी दार काढायचं न् माणसाचं नाव घ्यायचं. रानात चुकलेला त्या वाटेनं घरी यायचा. मग कुणीतरी मेलेल्या पोराची वाट मांडली आणि गावानं ही विद्याच बंद केली. बापानं मला चोरून शिकवली. पंचांना कळलं. आम्ही नवराबायको बोचकी घेऊन निघालो तेव्हा तुमच्यातलं एक माणूस दारात आलं नाही. बाप तेवढा शिवेपर्यंत आला. म्हणाला, "मेलेल्याची वाट मांडू नको. तो दाराशी येऊन अडकतो. मांडणाऱ्यानं पायी जाऊन त्याला वाटेच्या सुरुवातीला परत न्यायचं, न् तोंडानं जा म्हणायचं. तवा सुटतो."

नाशिकला आल्यावर मंजुळानं माझ्याकडून शपथ घेतली. "इथं वाट मांडायची नाय. इथं रस्त्यांना पाट्या हायेत." मी पाळली. कंपनी, शिफ्ट, ओव्हरटाइम, रिटायर. पोरबाळ नाही. तिला नाशिक आवडलं. नळ, गॅस, संध्याकाळी गोदाकाठी, गंगेवर, चक्कर. मला नाही आवडलं, पण ती होती म्हणून दिवस गेले.

तेराव्यानंतर घरात कुणी उरलं नाही. काल दुपारी मी पुड्यातलं तांदळाचं पीठ घेतलं आणि फरशीवर बसलो. मरायच्या आधी एकदा ती दारात दिसावी, एवढंच. गंगेवर तिला जाळली, तिथून सुरुवात केली. आमच्या खोलीपर्यंत आणायची होती. पण हातानं नाशिक कधी काढलंच नव्हतं. हात आपला चालत राहिला. ओहोळ, वाघाचा खडक, मोहाची झाडं. शेवटी दार काढलं आणि नाव घेतलं. जन्मात पहिल्यांदा बायकोचं नाव तोंडानं घेतलं. मग नीट पाहिलं तर ते दार सोनखडीच्या घराचं.

ते घर कधीच पडलं. तिथं आता कुणाची तरी नागली उभी आहे असं ऐकतो. त्या नागलीत मी माझ्या बाईला उभी करून ठेवलीय. ज्या गावानं हाकललं तिथंच. माणूस वाटेवर असताना पीठ पुसता येत नाही, पुसलं तर तो रानातच राहतो.

रात्रभर बसून होतो. सकाळी शेजारची शमीम चहा घेऊन आली. "बाबा, फरशीवर काय सांडलं हे? पुसून घेते." मी तिचा हात धरला. लय रागावून बोललो, ती बिचारी रडली. मग सगळं सांगितलं. तिनं हसण्यावारी नेलं नाही. घरून चटई आणून मांडलेल्याभोवती आडोशाला उभी लावली, आपल्या पोरांना दम दिला आणि म्हणाली, "तुम्ही जाऊन या. मी इथं बसते."

हे पेठ रोडला रामशेज किल्ल्याखालच्या टपरीवर बसून लिहितोय. पहाटेपासून नाही, उन्हं आल्यावर पायी निघालो, तरी गुडघे बोलायला लागलेत. सावळघाट अजून पुढंच आहे. मी पोचायला दोन दिवस लागतील, कदाचित तीन. म्हणून हा कागद एसटीनं पाठवतोय. ज्याचं ते शेत असेल त्याला सांगा, नागलीत बाई उभी दिसली तर दगड मारू नको. तिला थंडी लवकर लागते.

घर कुठलं असं कुणी विचारलं तर पूर्वी सोनखडी सांगायचो. ती असती तर म्हणाली असती, नाशिक सांगा. आता ती उभी आहे ते घर. तिथून तिला गंगेवर आणायची आणि जा म्हणायचं. तेवढं मला जमणार आहे का, माहीत नाही.

एसटी थांबलीय. कंडक्टरनं कागदासाठी हात पुढं केलाय. म्हणतोय, "बाबा, तुम्ही पण बसा की, जागा आहे." मी नाही म्हटलंय आणि चपला घातल्यात.